कोडीचा हिशेब

माझा मुलगा गेली चौदा वर्षे अमेरिकेत ह्यूस्टनला असतो. मागील डिसेंबरात मी त्याच्याकडे असताना नाताळच्या सुट्टीत तो आम्हा सर्वांना मेक्सिकोतील कानकूनला घेऊन गेला. समुद्रकिनारी छत्रीखाली दिवसभर पडून राहणे ही विश्रांती आहे, हे माझ्या पिढीतील व्यापारी घरांतल्या स्त्रियांना पटणे कठीण. त्यामुळे हॉटेलच्या दर्शनी कक्षात चिचेन इत्झा या माया लोकांच्या प्राचीन नगरीच्या एका दिवसाच्या सहलीचा फलक दिसताच मी मुलाला म्हटले, "आपण इथे जाऊ या." सूनबाईला बरे नव्हते, ती थांबली. मुलगा, अकरा वर्षांची नात आणि मी असे तिघे निघालो.

माझे या लोकांविषयीचे मत आधीच ठरलेले होते, हे प्रारंभीच कबूल करते. नरबळी देणारे लोक, एवढेच मला ठाऊक होते. आपल्या घरांत पाणी गाळून प्यायची रीत असताना असल्या लोकांचे अवशेष पाहायला आपण पैसे मोजून जात आहोत, याचे मनात थोडे हसूही येत होते.

सकाळी सातला बस सुटली. आमचा गाइड पन्नाशीतला, ठेंगणा, शांत मनुष्य. बस गावाबाहेर पडताच तो म्हणाला, "माया लोक कुठे नाहीसे झाले, असे मला रोज विचारतात. मीच माया आहे. आज सकाळी आईशी माया भाषेत बोलूनच घरून निघालो." युकातान प्रांतात आजही लाखो माणसे ती भाषा बोलतात. बसमध्ये क्षणभर शांतता पसरली. नातीने माझ्याकडे पाहिले. तिला मराठी समजते, पण ती उत्तर इंग्रजीतच देते, आणि यावरून आमच्या घरात अधूनमधून वाद होतो.

वाटेत अडीच तास डोंगर नाही, टेकडी नाही, एकही नदी नाही. सारा प्रदेश चुनखडकाचा. पावसाचे पाणी जमिनीत मुरते आणि खालून वाहते. जिथे खडकाचे छत कोसळते, तिथे मोठी विहीर उघडी पडते. तिला तिकडे 'सेनोते' म्हणतात. चिचेन इत्झा या नावाचा अर्थच मुळी 'इत्झा लोकांच्या विहिरीचे मुख' असा आहे. बार्शीसारख्या अवर्षणाच्या गावी वाढलेल्या मला विहिरीवरून गावाला नाव पडते, यात काही नवल वाटले नाही. मध्येच राज्याची हद्द ओलांडल्यावर घड्याळ एक तास मागे घ्यावे लागते, म्हणून साडेनऊला पोहोचूनही तिथे साडेआठच वाजले होते.

मधल्या मोठ्या पिरॅमिडपाशी, ज्याला स्पॅनिश लोकांनी 'कास्तिय्यो' म्हणजे किल्ला असे नाव दिले, गाइडने आम्हाला उभे केले. चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या. एकूण ३६४. वरचा चौथरा धरून ३६५. वर्षाच्या दिवसांची ही दगडी दिनदर्शिकाच. आता वर चढायला बंदी आहे. माझ्या गुडघ्यांना ती फार मानवली. खालून टाळी वाजवली की पायऱ्यांवरून येणारा प्रतिध्वनी केत्साल नावाच्या पक्ष्याच्या ओरडण्यासारखा ऐकू येतो. आमच्याबरोबरचे चाळीस लोक बराच वेळ टाळ्या वाजवीत राहिले. वर्षात दोनदा, दिवस-रात्र समान असताना, मावळतीच्या उन्हात जिन्याच्या कडेवर सावल्यांचा सर्प उतरताना दिसतो, तेव्हा तर म्हणे पाय ठेवायला जागा नसते.

मला खरी गोडी लागली ती पुढे एका झाडाखाली. गाइडने जमिनीवर खडे, काड्या आणि एक शिंपला मांडला. खडा म्हणजे एक, काडी म्हणजे पाच, शिंपला म्हणजे शून्य. एवढ्या तीन खुणांवर त्यांचे सारे गणित. एकोणीसपर्यंत खडे आणि काड्या, विसाला वरच्या घरात एक खडा आणि खाली शिंपला. आपण दहाच्या पटीने डावीकडे सरकतो, ते विसाच्या पटीने वर चढत. एक, वीस, चारशे, आठ हजार. शून्याची कल्पना आपल्याकडून कोणी न शिकवता त्यांनी स्वतः काढलेली. शुक्राच्या उदयास्ताचे चक्र ५८४ दिवसांचे आणि अशी पाच चक्रे म्हणजे बरोबर आठ वर्षे, हे त्यांच्या पोथीत मांडलेले आहे.

मी नातीला मराठीतच म्हटले, "अगं, ही तर कोडी!" आमच्या दादांचे, म्हणजे वडिलांचे, बार्शीला कापडाचे दुकान होते. माल विसाच्या हिशेबाने, कोडीवर मोजला जाई. शाळा सुटल्यावर मी आणि माझी थोरली बहीण गादीच्या कडेला बसून कोड्या मोजत असू. दादा मुद्दाम चुकीची बेरीज सांगत आणि आम्ही पकडली की खूश होत. मी एम.कॉम. झाले, बँकेत ३४ वर्षे काढली, त्याचा पाया तिथला. नातीने माझे वय मांडून दाखवले. वर तीन खडे, खाली एक काडी आणि एक खडा. सहासष्ट. गाइडने टाळी वाजवली. या वेळी प्रतिध्वनीसाठी नव्हे.

व्यापारी वाचकांसाठी एक गोष्ट सांगितलीच पाहिजे. या लोकांचे चलन म्हणजे कोकोच्या बिया, ज्यांचे आपण चॉकलेट खातो. सोन्याचा त्यांना मोह नव्हता असे नाही, पण बाजारात चालत त्या बियाच. १५०२ साली कोलंबसाच्या शेवटच्या सफरीत होन्डुरासच्या किनाऱ्याजवळ त्याला एक मोठी व्यापारी होडी भेटली. तीत सुती कापड, तांब्याच्या कुऱ्हाडी, घंटा आणि या बिया होत्या. चार बिया खाली सांडताच होडीतले लोक धावून वेचू लागले, अशी नोंद आहे. आणि जिथे चलन तिथे खोटे चलन आलेच. मेक्सिकोच्या बाजारांत बीचे टरफल पोकळ करून आत माती भरून खपवणारे महाभाग होते. हे ऐकून माझ्यातील बँक अधिकारी फार सुखावली. नोटा उजेडात धरून पाहण्याची आमची सवय तिकडे बी दाबून पाहण्यात होती, एवढाच फरक.

नंतर पांढऱ्या जुन्या रस्त्याने पवित्र विहिरीकडे निघालो. दुतर्फा दुकाने. बिबट्यासारखी गुरगुरणारी एक मातीची शिट्टी प्रत्येक विक्रेता आपल्या कानाशी वाजवतो. दहाव्या दुकानापर्यंत मी दचकणे सोडून दिले होते. विहीर सुमारे साठ मीटर रुंद, कडे सरळ तुटलेले, तळाशी हिरवे पाणी. गेल्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकन वकिलाने, म्हणजे दूताने, ती जागा विकत घेऊन विहिरीतला गाळ उपसला. सोने, जेड, धूप निघाले. माणसांची हाडे निघाली, त्यांत कितीतरी मुलांची. पुष्कळ वस्तू हार्वर्डच्या संग्रहालयात गेल्या, काही पुढे परत आल्या. गाइडने काहीही सौम्य केले नाही. या विहिरीजवळच्याच एका भूमिगत टाक्यात मुलांचे अवशेष सापडले होते. त्यांपैकी चौसष्ट जणांच्या डीएनएचा अभ्यास २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. सारे मुलगे, बहुतेक तीन ते सहा वर्षांचे, त्यांत दोन जुळ्या जोड्या.

नात कठड्याला धरून उभी होती. तिने विचारले, "आजी, शून्य शोधणारे हेच लोक?"

"हो."

"मग ते चांगले की वाईट?"

माझ्या तोंडावर दोन उत्तरे आली. पहिले, त्या काळी सगळीकडेच असे चाले. दुसरे, आपल्याकडे असे कधी नव्हते, आपण तर मुंगीलाही जपतो. दोन्ही मी गिळली. पहिले पळवाटेचे होते. दुसरे का गिळले, ते तेव्हा नीट कळले नाही.

दुपारच्या जेवणात माझ्या वाट्याला भात, मक्याच्या पोळ्या आणि पपई आली. काळ्या घेवड्यात चरबी असते का, हे गाइडने स्वतः आत जाऊन विचारले आणि मान हलवीत परत आला. जेवताना मी त्याला धीर करून म्हटले, "या विहिरीविषयी सांगताना तुम्हाला त्रास होत नाही का?" त्याने उत्तरादाखल दिएगो दे लांदाची हकिगत सांगितली. या स्पॅनिश धर्मगुरूने १५६२ साली मानी गावी माया लोकांच्या पोथ्यांची होळी केली, लोकांना छळले. आज जगात अवघ्या चार पोथ्या शिल्लक आहेत. आणि याच लांदाने नंतर माया लोकांच्या चालीरीतींवर ग्रंथ लिहिला, त्यात त्यांच्या अक्षरांची खूण लिहून ठेवली. तिच्याच आधाराने १९५२ मध्ये युरी क्नोरोझोव्ह या रशियन विद्वानाने लिपीचे कुलूप उघडायला सुरुवात केली. "त्याला शाप द्यायचा की त्याचे पुस्तक वाचायचे?" गाइड म्हणाला. "मी दोन्ही करतो, सेन्योरा. पोथ्या जळाल्याच, आणि पुस्तकही आहेच."

हिशेबशास्त्रात एक नियम आहे. ताळेबंदात मत्ता आणि देयता यांची परस्पर वजावट करायची नसते. दोन्ही रकमा पूर्ण दाखवायच्या. आमच्या शाखेचे एक कर्जदार गृहस्थ मोठे दानशूर. त्यांच्या नावाची धर्मशाळा होती. थकबाकीची नोटीस काढताना सारा गाव मला धर्मशाळेची आठवण करून देत होता. मी नोटीस काढली, आणि त्याचा मला पुढे कित्येक वर्षे अभिमान होता. मात्र तो नियम मी घरात कधी लावला नव्हता, हे त्या मक्याच्या पोळीसमोर बसून ध्यानात आले.

परतीच्या वाटेवर बस वय्यादोलिद गावी थांबली. चर्चसमोरच्या बागेत पांढऱ्या जोडखुर्च्या आहेत, बसणाऱ्या दोघांची तोंडे एकमेकांकडे होतील अशा. मुलगा काही खायला आणायला गेला. सूर्य कलला होता. तिथल्या घड्याळात सव्वापाचला मावळणार होता. मी पिशवीतून थेपले काढले. नात समोर बसून वहीत घरातल्या सर्वांची वये टिंबे आणि रेघांनी लिहीत होती. खड्याच्या जागी टिंब, काडीच्या जागी आडवी रेघ. बाबा, आई, स्वतः. स्वतःच्या दोन रेघा आणि एक टिंब तिने जरा मोठे काढले.

"कोडी मोजायला तुझी ताईपण होती ना? तिला येत होतं गणित?"

"माझ्यापेक्षा चांगलं. दादांची चूक आधी तीच पकडायची."

"मग तीपण बँकेत होती?"

"नाही. तिचं लग्न झालं."

"तेव्हा ती किती वर्षांची होती?"

"पंधरा."

तेव्हा, १९६९ साली, ते कायद्यात बसत होते. स्थळ चांगले होते. ताई दोन दिवस माजघरात रडत होती आणि मी दहा वर्षांची, दाराशी उभी होते. दादांच्या शोकसभेत तीन वक्त्यांनी सांगितले की त्या काळी मुलीला एम.कॉम. करणारा हा बाप. ताई माझ्या शेजारीच बसली होती. तिने डोक्यावरचा पदर सारखा केला, एवढेच मला आठवते. आणि ते भाषण ऐकताना मला बरे वाटले होते, हेही आठवते.

नातीने वहीत तीन आडव्या रेघा ओढल्या. मग आपल्या दोन रेघा आणि एका टिंबाकडे पाहिले. काही बोलली नाही. मी तिला थेपला दिला, तो तिने खाल्ला.

हद्द ओलांडल्यावर मुलाने माझे घड्याळ पुन्हा एक तास पुढे करून दिले. बाहेर केव्हाच अंधार पडला होता. साडेसातला हॉटेलवर पोहोचलो, तेव्हा भारतात सकाळचे सहा वाजत होते. ताई या वेळी उठलेली असते. मी फोन लावला. नात वही घेऊन शेजारी येऊन बसली आणि म्हणाली, "आजी, मी पण बोलणार. मराठीत."