जाणत्या श्रोत्यांपुढे

कवठे महांकाळसारख्या गावात राहून काही लिहायचं, चित्रित करायचं म्हटलं की माझ्यापुढं प्रश्न उभा राहतो तो गर्दीचा. यूट्यूबवर मिनिटाला शेकडो तासांचं चित्रण चढतं, त्यात आपलं कोण बघणार? या कामात राहून माझं मत असं झालंय की याचं उत्तर आमच्याच तालुक्यात, आरेवाडीच्या बिरोबाच्या, म्हणजे धनगरांच्या दैवताच्या, बनात मिळतं. तिथं धनगरी ओवी ऐकायला बसलेल्यांना बिरोबाच्या आईची, सुरवंतीची, आणि बिरोबाच्या जन्माची कथा आधीच ठाऊक असते. नवीन गोष्ट सांगून तिथं कुणी उठून दिसत नाही. आवाज, आठवण आणि तपशिलाचा पक्केपणा यांवरच गाणाऱ्याची पारख होते, आणि चुकलं तर तिथल्या तिथं कळतं. अशाच ओव्या हायडेलबर्गचे अभ्यासक गुंथर सोंथायमर यांनी ध्वनिमुद्रित केल्या. त्यांतली, १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला गायलेली बिरोबाची ओवी अभ्यासक ॲन फेल्डहाउस यांच्या पुस्तकातून २०१४ साली इंग्रजीत पोचली. गाणाऱ्यांनी जगासाठी काही सोपं, गुळगुळीत केलं नव्हतं. शेजारच्या आटपाडी तालुक्यातल्या माडगूळच्या व्यंकटेश माडगूळकरांनीही ‘माणदेशी माणसं’ (१९४९) लिहिताना पुण्या-मुंबईच्या वाचकासाठी माणूस पातळ केला नाही.

यावर कुणी म्हणेल, माडगूळकरांना जाणते संपादक लाभले, आज निवड यूट्यूबचं यंत्र करतं आणि यंत्राला रोज नवं लागतं. खरं आहे. पण अहिल्यानगर जिल्ह्यातल्या सारोळा कासारच्या सुमन धामणे, म्हणजे ‘आपली आजी’, यांच्यामागंही संपादक नव्हता. नातवाच्या मदतीनं त्यांनी स्वतःच्या हातचं जेवण स्वतःच्या बोलीत दाखवलं, आणि लाखोंनी ते पाहिलं. दुसरा आक्षेप पोटाचा, आणि तो मला जास्त जड वाटतो. पक्कं काम केलं म्हणून पैसे येतीलच असं नाही. बहुतेकांना जोडधंदा ठेवावाच लागेल. मात्र चालू गाण्यावर नाचणाऱ्या हजारोंनाही पैशाची हमी नाही, आणि त्यांचं काम दुसऱ्या कुणीही उद्या तसंच करू शकतो. उलट ज्याची अशी नक्कल होत नाही तेही आमच्याकडं आहे. बेदाण्याच्या शेडवर, द्रावणात बुडवून (डिपिंग करून) जाळीवर पसरलेल्या द्राक्षांत कोणता घड काळा पडणार हे नजरेनं ओळखणाऱ्या बायका आमच्याकडं आहेत. ती नजर टिपायला पूर्ण हंगाम शेडवर बसावं लागतं, आणि झालेलं काम आधी त्यांनाच दाखवावं लागतं.