बेसबॉल नसलेलं बेसबॉल ग्राउंड

लंडनला लेकीकडे गेलो होतो. शब्बाथ सरला आणि रविवारी सकाळी नातवानं हट्ट धरला, "बेसबॉल दाखवा." आम्ही दोघं क्रिकेटवर वाढलेली माणसं! जावई म्हणाले, "डर्बीला बेसबॉल ग्राउंड आहे... म्हणजे होतं." 'होतं' नातवानं ऐकलंच नाही. सेंट पँक्रासहून दीडेक तासात आगगाडीनं डर्बी गाठलं.

बघतो तर काय, मैदानाच्या जागी विटांची घरं. स्मारक आहे, तेही फुटबॉलचं! पोर हिरमुसलं. मग जावयांनी त्याला गोष्ट सांगितली. मुलांनो, तुम्हीही ऐका.

इथं फ्रान्सिस ले यांचा ओतकामाचा कारखाना होता. १८८९ साली ते अमेरिकेला गेले, बेसबॉल पाहून भारावले आणि कामगारांच्या मैदानावर तो खेळ सुरू केला. १८९० साली डर्बी, ॲस्टन व्हिला, प्रेस्टन आणि स्टोक यांची व्यावसायिक लीगच निघाली. उन्हाळ्यात फुटबॉल बंद असे, मैदानं रिकामीच. खेळाचं सामान विकणारे स्पाल्डिंग यांनी अमेरिकेहून शिकवायला माणसं धाडली. शिकवणं काही सोपं नव्हतं. क्रिकेटमध्ये हात सरळ ठेवून चेंडू टाकायचा, इथं कोपर वाकवून, टप्पा न पाडता फेकायचा. क्रिकेटमध्ये दिवसभर चेंडू नुसता अडवला तरी शाबासकी. इथं तीनदा चुकलात की बाद! जन्माची सवय मोडायची म्हणजे काय, ते इस्रायलला येऊन चाळिशीत हिब्रू शिकलेल्यांना विचारा.

डर्बीकडे अमेरिकन खेळाडू फार, अशी इतरांची कुरबूर झाली. डर्बीनं स्पर्धा अर्ध्यावर सोडली, व्हिला विजयी ठरले आणि लीग एका मोसमात आटोपली. बेसबॉल मात्र लगेच मेला नाही. फुटबॉलचा नामांकित स्टीव्ह ब्लूमर डर्बीकडून बेसबॉलही खेळे. १८९५ साली डर्बी काउंटी हा फुटबॉल क्लब इथं कायमचा आला आणि १९९७पर्यंत राहिला. पुढे मैदानही पाडलं. शंभर वर्षं फुटबॉल झाला, पण नाव शेवटपर्यंत बेसबॉल ग्राउंड!

नातू म्हणाला, "खेळ गेला, मग नाव का नाही बदललं?"

आमच्या सौ. म्हणाल्या, "अरे, आपले पेणकर, रोहेकर, नवगावकर आज पेणला, रोह्याला, नवगावला राहतात का?"

"पेण कुठंय, आजी?"

परतीच्या गाडीत आजीनं कागदी पिशवीवर पेनानं समुद्र काढला, खाडी काढली, तेलाचा घाणा काढला. लंडन आलं तरी चित्र चालूच होतं.