बेणारेबाईंवरचा खटला : कलम ३०२ की ३१२? (थ्रेड)

कर्जतहून खोपोलीकडे निघालेल्या लोकलचे पहिले स्थानक पळसदरी. तिथे उतरून गावातल्या सभागृहाकडे चालत निघालेली मुंबईची हौशी नाटकमंडळी डोळ्यांपुढे आणावी. विजय तेंडुलकरांच्या 'शांतता! कोर्ट चालू आहे' (१९६७) मधले गाव अनाम आहे; ते इथे सहज बसते. तेंडुलकरांना हे नाटक सुचले तेही आगगाडीत भेटलेल्या अशाच मंडळींवरून.

रात्रीच्या अभिरूप न्यायालयात आरोपी कोण, तर अमेरिकेचे अध्यक्ष जॉन्सन, गुन्हा अण्वस्त्रांचा! तोवर गावच्या सामंतला कोर्ट कसे चालते ते कळावे म्हणून लुटुपुटीचा दुसरा खटला उभा राहतो. आरोपी त्यांच्यातलीच शिक्षिका, लीला बेणारे. आरोप भ्रूणहत्येचा, कलम ३०२ खाली.

इतिहासाच्या अभ्यासकाने येथे थबकावे. ३०२ हे तेव्हा खुनाचे कलम होते. गर्भपाताचे कलम होते ३१२. स्त्रीचा जीव वाचवण्याखेरीज अन्य कारणाने केलेला गर्भपात तेव्हा गुन्हाच होता आणि त्यात ती स्त्रीही दोषी ठरे. संसदेने हा कायदा सैल केला तो १९७१मध्ये. नाटकातले न्यायाधीश काशीकर मात्र भ्रूणहत्येच्या आरोपावर निकाल देतात तो पोटातला गर्भ नष्ट करण्याचा. जो गुन्हा, तीच शिक्षा. ज्यांचे ते मूल, ते प्रा. दामले त्या दिवशी आलेलेच नाहीत.

वाळीत टाकणे रायगडला अपरिचित नाही. इथली प्रकरणे गाजली. २०१६मध्ये विधिमंडळाने सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदाही संमत केला. पण बेणारेला वाळीत टाकते ती गावकी नव्हे, शहरातली सुशिक्षित मंडळी. त्या दालनात तिच्याशी माणुसकीने वागणारा एकटा सामंत, आणि तोच तेवढा गावचा.

१९७१मध्येच सत्यदेव दुबे यांनी यावर चित्रपट केला. रंगमंचावरची बेणारे, सुलभा देशपांडे, पडद्यावरही तीच. पुढे नंदिता दास यांच्या भूमिकेसह 'खामोश! अदालत जारी है' हे हिंदी टेलिप्ले आले. छोट्या पडद्याची खरी कसोटी तिच्या स्वगताशी. कोर्ट तिला बोलायला दहा सेकंद देते. ती आयुष्य सांगते आणि भोवतालचे सारे गोठलेले राहतात. रंगमंचावर ते न ऐकणारे चेहरे सतत समोर असतात. कॅमेरा तिच्याजवळ गेला की ते चौकटीबाहेर पडतात. तिचे दुःख जवळ येते, त्यांचा गुन्हा दूर जातो. हे नुकसान लहान नव्हे.

शेवटी प्रेक्षक जमू लागतात आणि मंडळी तयारीला पळतात. जॉन्सनचा खटला अजून व्हायचाच असतो. सामंत जाता जाता एक हिरवा कापडी पोपट बेणारेजवळ ठेवतो.