त्वष्ट्याने प्रायव्हेट नंबर घेतला नाही

स्टेशन मास्तर म्हणून निवृत्त झालो आणि वेदपठणाच्या वर्गाला जाऊ लागलो, त्यात भक्तीपेक्षा रिकामपणाचा वाटा मोठा होता. बायको म्हणाली, "दिवसभर घरात झेंडे दाखवत फिरू नका, कुठंतरी जात जा."

गुरुजी शुक्ल यजुर्वेदी. त्यांच्याकडे स्वर आधी हाताला शिकवतात, मग गळ्याला. उदात्ताला हात वर, अनुदात्ताला खाली, स्वरिताला बाजूला. पोथीत अनुदात्ताखाली आडवी रेघ, स्वरिताच्या डोक्यावर उभी रेघ. उदात्ताला खूणच नाही. हात एकीकडे आणि तोंड दुसरीकडे गेलं की गुरुजी काही न बोलता मनगट धरायचे आणि योग्य जागी नेऊन ठेवायचे. वर्गातली पोरं हे भराभर उचलत. आम्हा पेन्शनरांची मनगटं मात्र गुरुजींच्याच मुठीत जास्त असायची.

एकदा त्यातल्या एका पोराने विचारलं, "गुरुजी, स्वर चुकला तर काय होतं?"

गुरुजींनी वृत्राची गोष्ट सांगितली. पतंजलीनेही महाभाष्याच्या आरंभी, व्याकरण शिकायचं कशासाठी हे सांगताना, तिचाच दाखला दिला आहे. त्वष्ट्याचा तीन डोक्यांचा मुलगा विश्वरूप, त्याला इंद्राने मारलं. त्वष्ट्याने मग इंद्राला वगळून सोम सिद्ध केला. इंद्र आगंतुकासारखा आला आणि सोम पिऊन गेला. उरलेला सोम त्वष्ट्याने संतापाने अग्नीत ओतला आणि उच्चारलं, इंद्रशत्रू वाढो. अग्नीतून वृत्र उठला, वाढत गेला, अवाढव्य झाला. आणि शेवटी इंद्रानेच त्याला मारलं.

"का?" म्हणून गुरुजींनी तो शब्द दोनदा म्हटला. पहिल्यांदा हात शेवटच्या 'त्रु'वर वर गेला. हा तत्पुरुष : इंद्राला मारणारा. दुसऱ्यांदा हात सुरुवातीच्या 'इं'वरच वर गेला. हा बहुव्रीही : इंद्र ज्याला मारणारा आहे, तो. अक्षरं तीच, मात्रा त्याच. त्वष्ट्याच्या तोंडून दुसरा गेला. शाळेत चार मार्कांसाठी घोकलेले समास एवढे जीवघेणे असतील असं वाटलं नव्हतं.

पोरं गप्प झाली. मला मात्र फाटकावरचा फोन आठवला.

गाडी सोडण्याआधी गेटमनला फोन करायचा. तो फाटक बंद केल्याचं सांगणार आणि आपल्या तक्त्यावरचा पुढचा आकडा देणार. हा प्रायव्हेट नंबर. तो आपण त्याला परत म्हणून दाखवायचा आणि नोंदवहीत लिहायचा. त्या आकड्यांना स्वतःचा काही अर्थ नसतो, तक्त्यावर त्यांना क्रमही नसतो. म्हणूनच ते कामाचे. 'हो साहेब, बंद आहे' हे माणूस झोपेतही म्हणू शकतो. नंबर द्यायचा तर डोळे उघडून तक्ता बघावाच लागतो. पावसाळ्यात लाइनवर एवढी खरखर, की 'एकोणसाठ' की 'एकोणसत्तर' उमगायचं नाही. मग अंक सुटे करून सांगायचे : पाच, नऊ.

वर्ग सुटल्यावर मी गुरुजींना म्हटलं, "त्वष्ट्याने जोडशब्द वापरायलाच नको होता. सुटं बोलायचं."

गुरुजी हसले. उठून आत गेले आणि शतपथ ब्राह्मण घेऊन आले. वृत्राचा भाग काढून त्यांनी बोट ठेवलं. तिथे हेच म्हटलं आहे : 'इंद्रस्य शत्रु' अशी दोन पदं सुटी म्हटली असती, तर वृत्रानेच इंद्राला मारलं असतं. म्हणजे हा मुद्दा माझ्या कितीतरी आधी कुणाच्या तरी ध्यानात आला होता. मला थोडा हेवा वाटला.

पुढे गुरुजींनी पोरांना घनपाठाची रीत समजावली. पहिलं पद आणि दुसरं, मग दुसरं-पहिलं, मग पहिलं-दुसरं-तिसरं, उलटं तिसरं-दुसरं-पहिलं, पुन्हा सुलटं. तिथून एक पद पुढे सरकून तोच फेरा. म्हणजे बोललेलं परत म्हणून दाखवायचं, तेही दोन्ही दिशांनी. कागद नसताना शब्द आणि स्वर टिकले ते अशा बंदोबस्ताने. वेदपठणाची परंपरा युनेस्कोने 2008 मध्ये मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत घेतली. त्या यादीत सुरक्षिततेचं वेगळं खातं असतं, तर मी तिचं नाव तिथेही घातलं असतं.

एक गोष्ट मला अजून खटकते. रेल्वेचा सिग्नल बिघडला तर तो लाल व्हावा, अशीच त्याची रचना असते. गाडी खोळंबते, लोक शिव्या घालतात, पण जीव वाचतात. त्वष्ट्याचा मंत्र बिघडला तेव्हा वृत्र उठायलाच नको होता. तो उठला, वाढला, बापाला वाटलं काम झालं. बिघाड कळला तो थेट पोरगा गेल्यावर. दुसरा पोरगा.

पोरांना ही गोष्ट 'स्वर चुकवाल तर मराल' अशा धाकाने सांगू नये, असं मी गुरुजींना सुचवलं. त्यांनी ऐकून घेतलं, हो-नाही काही म्हणाले नाहीत.

या अपघाताची चौकशी माझ्याकडे आली असती, तर उच्चार करणाऱ्याच्या आधी मी मंत्राचा मसुदा करणाऱ्याला जबाबदार धरलं असतं. इथे दोघेही त्वष्टाच, त्यामुळे अहवाल एका ओळीत आटोपतो.