दोन कळसूबाई आणि एक फुटबॉल क्लब

बिनासिओनाल. म्हणजे 'दोन देशांचा'. हे एका फुटबॉल क्लबचं नाव आहे आणि गेले काही महिने त्याने माझ्या डोक्यात घर केलंय. लिव्हरपूल, आर्सेनल, रेआल माद्रिद यांच्यासाठी रात्री जागवणारे भरपूर आहेत, आमच्या ऑफिसात अर्धा फ्लोअर तेच करतो. मी मात्र सध्या पेरूच्या सरहद्दीवरच्या एका गावात अडकलोय. आज त्याबद्दलच लिहितो. चहा घेऊन बसा, जरा लांबण लागणार आहे.

गावाचं नाव देसाग्वादेरो. स्पॅनिशमध्ये याचा अर्थ पाणी निचरा होऊन बाहेर पडतं ती जागा. आपल्याकडे धरणाचा सांडवा असतो ना, तसंच काहीसं. तितिकाका सरोवराचं पाणी इथून नदी होऊन बाहेर पडतं. नदीच्या अलीकडे पेरू, पलीकडे बोलिव्हिया. मजा म्हणजे दोन्ही काठांवरच्या गावांचं नाव एकच, आणि दोन्हीकडे राहणारी माणसंही एकच, आयमारा. मध्ये एक पूल. पुलावरून दिवसभर ट्रक, हातगाड्या, गाठोडी आणि माणसं इकडून तिकडे. सरकारी भाषेत आंतरराष्ट्रीय सीमा, गावाच्या भाषेत बाजाराचा रस्ता.

या गावात २०१० साली एक क्लब निघाला. नावात 'एस्कुएला मुनिसिपाल', म्हणजे नगरपालिकेची शाळा. पेरूत असे क्लब गावोगावी आहेत. कुठे नगरपालिका पुढाकार घेते, कुठे व्यापारी. नुएवा काहामार्का नावाचं एक गाव आहे, अॅमेझॉनच्या बाजूच्या सान मार्तीन विभागात, डोंगरातून उतरून आलेल्या लोकांनी वसवलेलं. तिथल्या व्यापाऱ्यांनी १९९४ मध्ये क्लब काढला आणि नावच ठेवलं 'उनिओन कोमेर्सिओ', व्यापारी संघ! २०१० मध्ये तो हौशी क्लबांची राष्ट्रीय स्पर्धा जिंकून थेट पहिल्या श्रेणीत गेला. तेव्हा अशा नावांना हसू नका मंडळी.

या स्पर्धेचं नाव कोपा पेरू. बिनासिओनाल कळायचा तर आधी ती कळायला हवी.

१९६६ पर्यंत पेरूची 'राष्ट्रीय' लीग म्हणजे लिमा आणि त्याला चिकटून असलेलं कायाओ बंदर, संपलं. बाकी देश रेडिओवर ऐकायचा. १९६६ मध्ये लीग पहिल्यांदा राजधानीबाहेर गेली आणि १९६७ मध्ये कोपा पेरू सुरू झाली. कल्पना साधी होती. सगळ्यात खाली दिस्त्रितोची लीग, हा भाग आपल्या तालुक्याहूनही लहान. तिथे जिंकलात की प्रांत, मग विभाग, मग राष्ट्रीय फेरी. आणि राष्ट्रीय फेरी जिंकली की बक्षीस म्हणजे पुढच्या वर्षी थेट पहिली श्रेणी. फेब्रुवारीत धुरळा उडणाऱ्या मैदानावर शेजारच्या वस्तीशी खेळणारा संघ डिसेंबरात जिंकला, तर पुढच्या मोसमात राजधानीच्या बड्या क्लबांशी खेळणार. जगात चढायच्या शिड्या बऱ्याच देशांत आहेत, पण एका वर्षात तळापासून माथ्यापर्यंत नेणारी शिडी मला तरी दुसरी माहीत नाही.

२०१५ पासून काही वर्षं राष्ट्रीय फेरीचा फॉरमॅट तर असा होता की माझ्यातला इंजिनिअर खूश झाला. २४ विभाग अधिक कायाओ, प्रत्येकी दोन संघ, एकूण ५०. सगळ्यांचं एकच पॉइंट टेबल, पण प्रत्येक संघ खेळणार फक्त ६ सामने, तेही जवळपासच्या तीन संघांशी, एकेकदा घरी आणि एकेकदा बाहेर. कारण? भूगोल. इकितोससारख्या लाखोंच्या शहराला जायला रस्ताच नाही, विमान किंवा नदी. मध्ये अँडीज आडवा. प्रत्येकाने प्रत्येकाशी खेळायचं म्हटलं तर अर्धे संघ भाड्यातच बुडतील. मग कन्स्ट्रेंट मान्य करून काढलेलं हे उत्तर. पर्फेक्ट नाही, पण चालतं. आपलं निम्मं करिअर असल्याच उत्तरांवर उभं आहे.

तर बिनासिओनालने २०१७ ची कोपा पेरू जिंकली, २०१८ मध्ये पहिल्या श्रेणीत आला, आणि २०१९ मध्ये, म्हणजे तिथल्या दुसऱ्याच मोसमात, देशाचा विजेता झाला. पुनो विभागातला पहिला राष्ट्रीय विजेता. क्लबचं वय नऊ वर्षं. अंतिम लढत आलियान्सा लिमाशी होती, आणि आलियान्सा म्हणजे १९०१ पासूनचा, देशातल्या सगळ्यात लाडक्या क्लबांपैकी एक. फायनलच्या काही दिवस आधी बिनासिओनालचा हुआन पाब्लो बेर्गारा मोटार अपघातात गेला. संघ त्या दुःखातच मैदानात उतरला. हुलियाका शहरातला पहिला सामना ४-१ ने जिंकला, लिमातला दुसरा २-० ने हरला. बेरीज ४-३. कप डोंगरावर गेला.

आता इथून भांडण सुरू होतं.

आमच्या प्रोजेक्टवर लिमाचा एक डेव्हलपर आहे. त्याची सकाळ ती आमची संध्याकाळ, त्यामुळे रोजची मीटिंग संपली की पाच मिनिटं फुटबॉल. तो कट्टर आलियान्साचा. मी बिनासिओनालचं नाव काढलं की त्याचा आवाज बदलतो. त्याचं म्हणणं एका वाक्यात सांगतो, "मित्रा, तो फुटबॉल नव्हता, गिर्यारोहण होतं."

त्याच्या बोलण्यात दम आहे, हे आकडेच सांगतात. हुलियाका साधारण ३,८०० मीटरवर आहे. आपल्या मापात सांगायचं तर कळसूबाईवर दुसरा कळसूबाई ठेवा आणि त्यावर अख्खं पुणं त्याच्या समुद्रसपाटीपासूनच्या उंचीसकट ठेवा, एवढं. लिमा तर समुद्रकाठी. हुलियाकाच्या हवेत ऑक्सिजनचं प्रमाण तेच असतं, २१ टक्के, पण हवेचा दाबच लिमाच्या जवळपास दोन तृतीयांश, म्हणून प्रत्येक श्वासात हाती लागणारा ऑक्सिजनही तेवढाच. लेहला गेलेल्यांना वेगळं सांगायला नको. लेह ३,५०० मीटरच्या आसपास, तरी पहिल्या दिवशी गेस्ट हाऊसचा दुसरा मजला चढताना मी मध्ये थांबून देखावा बघायचं नाटक केलं होतं. हुलियाका त्याहून वर, आणि तिथे नव्वद मिनिटं पळायचं!

शिवाय चेंडू. हवा विरळ, त्यामुळे विरोध कमी, चेंडू जास्त वेगाने जातो. वळतोही कमी, कारण वळवणारी हवाच कमी. समुद्रकाठच्या गोलकीपरच्या डोक्यात जन्मभराचा एक अंदाज बसलेला असतो, तो इथे फसतो. शरीराला अशा हवेची सवय व्हायला काही आठवडे लागतात. तेवढा वेळ कोणाकडे? म्हणून कित्येक संघ सामन्याच्या जेमतेम काही तास आधी वर पोचतात, त्रास अंगात भिनायच्या आत खेळून खाली पळायचं.

हा वाद फिफापर्यंतही गेला होता. मे २००७ मध्ये फिफाने २,५०० मीटरच्या वर आंतरराष्ट्रीय सामने नकोत असा निर्णय घेतला. बोलिव्हियाचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष एव्हो मोरालेस स्वतः बूट घालून उंचावर फुटबॉल खेळले, निषेध म्हणून. वर्षभरात फिफाला तो निर्णय गुंडाळावा लागला. लोकांचं म्हणणं सरळ होतं, आम्ही इथे जन्मतो, इथे राहतो, इथेच खेळणार. आपल्या घरी खेळणं ही चीटिंग कशी?

मी मित्राला तेच म्हणतो. देशाची जवळपास एक तृतीयांश माणसं लिमात, पैसा लिमात, स्पॉन्सर लिमात, टीव्हीवाले लिमात. याला कोणी उंची म्हणत नाही, पण चढ तोही आहेच. डोंगरातल्या क्लबकडे स्वतःचं असं भांडवल एकच, त्याचं घर. तेही अनफेअर ठरवलं तर त्याच्याकडे उरतं काय?

याचं उत्तर २०२० ने दिलं, आणि ते फार क्रूर होतं.

विजेता म्हणून बिनासिओनाल कोपा लिबेर्तादोरेसमध्ये गेला, म्हणजे दक्षिण अमेरिकेची चॅम्पियन्स लीग. ५ मार्च २०२० ला हुलियाकात समोर ब्राझीलचा साओ पावलो, तीन वेळा ही स्पर्धा जिंकलेला. पहिला गोल पातोने केला, हो, एसी मिलानवाला पातो. मग उत्तरार्धात बिनासिओनालने दोन मारले. २-१. दहा वर्षांच्या म्युनिसिपल क्लबने साओ पावलोला हरवलं! त्यानंतर सहाच दिवसांनी, ब्वेनोस आयरेसमध्ये रिव्हर प्लेटविरुद्ध ०-८.

मग कोविड. सहा महिन्यांनी स्पर्धा पुन्हा सुरू झाली तेव्हा बिनासिओनालला 'घरचे' सामने लिमात खेळावे लागले. समुद्रसपाटीवर, रिकाम्या स्टेडियममध्ये. रिव्हर प्लेटने तिथे सहा गोल मारले. साओ पावलोने आपल्या मैदानात पाच. मित्राने हे स्कोअर मला ओळीने पाठवले, खाली काहीही न लिहिता. काही लिहायची गरजही नव्हती.

म्हणजे त्याचं बरोबर? सगळी जादू उंचीची होती?

मी यावर बराच विचार केला, आणि मला खटकलेली गोष्ट दुसरीच निघाली. बिनासिओनालचं घर २०२० मध्ये पहिल्यांदा गेलं नाही. ज्या २०१७ मध्ये त्याने कोपा पेरू जिंकली, तेव्हा तो शेजारच्या अरेकीपा विभागातून खेळत होता. विजेता झाला तो हुलियाकात. हुलियाका पुनो विभागातच, पण देसाग्वादेरोहून जवळजवळ दोनशे किलोमीटर. विजेत्या संघात कोलंबियाचे खेळाडू होते, बाकी पेरूभरातले. व्यावसायिक फुटबॉल म्हटल्यावर हे आलंच, त्यात गैर काही नाही. पण वर चढताना क्लबने एकेक गोष्ट खाली ठेवली. गावाचं मैदान, गावची पोरं, हौशीपणा. उरलं नाव. आणि गंमत बघा, 'दोन देशांचा' हे नाव फक्त त्या पुलावर उभं राहिलं तरच खरं वाटतं.

आपल्यापैकी बरेच जण लहान गावातून इथे आलोय. गावाला आपला अभिमान असतो, पेपरात फोटो येतो, मग आपण कधीतरी दिवाळीला जातो. गाव वर आलं की गावातून कोणीतरी वर गेलं, हे दोन वेगळे प्रश्न आहेत. क्लबच्या बाबतीतही तेच. देसाग्वादेरोच्या एखाद्या म्हाताऱ्याने २०१९ चा कप टीव्हीवर पाहिला असेल तर त्याला आनंद झालाच असणार, तो खोटा नाही. पण दर रविवारी बाजार उरकून मैदानाच्या कडेला उभं राहून ओळखीच्या पोराला शिव्या घालण्याचं सुख वेगळं, ते कपात मिळत नाही.

दरम्यान शिडीही बदलली. २०२२ ची कोपा पेरू कुस्कोच्या देपोर्तिवो गार्सिलासोने जिंकली. थेट पहिल्या श्रेणीत गेलेला तो शेवटचा विजेता. आता मध्ये पायऱ्या आल्या आहेत. आणि बिनासिओनालही आता पहिल्या श्रेणीत नाही. मित्राला हा बदल पटतो. तो म्हणतो, टेस्टिंग न करता कोड थेट प्रॉडक्शनला टाकला तर काय होतं ते तुला मी सांगायला हवं का? एका वर्षात पगार, प्रवास, स्टेडियम, लायसन्स सगळं उभं करायचं म्हणजे क्लब कर्जात जातो, किंवा पैसेवाल्याच्या हातात जातो, आणि मग गावाबाहेर.

त्याचा हा मुद्दा मला मान्य आहे. सावकाश चढणारा क्लब कदाचित आपलं मैदान बरोबर घेऊन चढेल. फक्त एक अट, शिडी वरून कोणी ओढून घेता कामा नये. १९६६ च्या आधी ती नव्हतीच, आणि तेव्हा कोणाला त्यात काही चुकीचंही वाटत नव्हतं. पायऱ्या वाढवता वाढवता त्या कधी इतक्या महाग होतात की दार उघडं असूनही कोणी आत शिरत नाही, हे कळतही नाही. मला ४-१ पेक्षा, साओ पावलोवरच्या २-१ पेक्षाही हे महत्त्वाचं वाटतं की सरहद्दीवरच्या त्या गावात क्लब काढताना कोणीतरी हिशेब मांडू शकत होतं, इथून इतके सामने जिंकले की आपण तिथे. बहुतेक गावांना असा हिशेब मांडताच येत नाही.

यावर आमचं भांडण चालू राहील. तोवर एक माहिती देऊन ठेवतो. पेरूत रविवारी दुपारचे तीन वाजतात तेव्हा आपल्याकडे रात्रीचा दीड वाजलेला असतो, सोमवार उजाडायला आलेला. कोपा पेरूचे सामने कोणी ना कोणी मोबाईलवरून लाईव्ह दाखवत असतं. कॅमेरा हलतो, आवाज वाऱ्यात जातो, मध्येच एखादं कुत्रं मैदानात येतं. सोमवारची मीटिंग सकाळी नसेल तर एकदा बघाच.