दीड मिनिटाचे रीळ

गिर्यारोहक शिखरावर पोचला की त्याची चढाई पुरी होते. चित्रपट घेणाऱ्याचे खरे काम मात्र तिथेच सुरू होते! डेव्हिड ब्रीशर्स या अमेरिकन गिर्यारोहकाने हेच काम जन्मभर केले.

कोलोरॅडोच्या कड्यांवर चढाई शिकलेल्या या तरुणाने १९८३ साली एव्हरेस्टच्या माथ्यावरून टेलिव्हिजनवर थेट चित्रे दाखवण्याच्या पहिल्या प्रयोगात भाग घेतला. त्यानंतर त्याला वेगळेच वेड लागले. एव्हरेस्ट आयमॅक्सच्या भव्य पडद्यावर आणायचे!

पण कॅमेरा केवढा! खास हलका करून घेतल्यावरही त्याचे वजन सुमारे २० किलो. शेर्पांच्या पाठीवरून तो वर न्यायचा. एक रीळ जेमतेम दीड मिनिट चाले. गोठवणाऱ्या थंडीत हातमोजे काढून, उघड्या बोटांनी नवे रीळ चढवावे लागे.

मे १९९६ मध्ये त्याची तुकडी शिखराच्या वाटेला लागली. वारा काही थांबेना, शिवाय मागून दुसऱ्या तुकड्यांची गर्दी येत होती. ब्रीशर्सने माघार घेतली. उतरताना त्याला वर जाणारे ओळखीचे चेहरे भेटले. १० मे रोजी वादळ उठले आणि त्या दोन दिवसांत पर्वताच्या दोन्ही बाजूंना मिळून आठ जण दगावले.

साउथ कोलवर ब्रीशर्सच्या तुकडीचा ऑक्सिजन साठवलेला होता. तो दिला, तर आपली चढाई आणि कित्येक महिन्यांची मेहनत वाया जाण्याची भीती. पण त्याने क्षणभरही मागेपुढे पाहिले नाही. हवे तेवढे सिलिंडर घ्या, असा निरोप त्याने दिला. मग कॅमेरा बाजूला ठेवून तो आणि त्याचे सोबती जखमींना खाली आणायला वर गेले.

इतके मृत्यू पाहिल्यावर पुन्हा चढायचे का? साऱ्यांच्याच मनात हा प्रश्न होता. अखेर ते पुन्हा निघाले. २३ मे रोजी कॅमेरा शिखरावर पोचला. सोबत दार्जिलिंगचा जामलिंग होता. १९५३ साली वडील तेनसिंग जिथे उभे राहिले, तिथे आज मुलगा उभा होता. १९९८ साली ‘एव्हरेस्ट’ प्रदर्शित झाला आणि देशोदेशींच्या प्रेक्षकांनी घरबसल्या कधीच न दिसणारा हिमालय डोळे भरून पाहिला.

पुढे ब्रीशर्सचा कॅमेरा हिमनद्यांकडे वळला. १९२१ सालच्या मोहिमेतील जुनी छायाचित्रे जिथून घेतली होती, नेमक्या त्याच जागी उभे राहून तो नवी छायाचित्रे घेऊ लागला. दोन्ही शेजारी ठेवली की किती बर्फ वितळले, ते सांगावे लागत नसे.

मार्च २०२४ मध्ये, वयाच्या ६८व्या वर्षी तो गेला. शिखरावरचे ते दृश्य लाखोंनी पाहिले. ऑक्सिजन देऊन टाकला, तो क्षण मात्र कोणत्याच रिळावर नाही. पण ज्यांचा जीव वाचला, त्यांना तो ठाऊक आहे.