उधाणांचं वर्ष

कल्पित जगाचं पंचांग रचायला बसलं की पहिला मोह होतो तो सोप्या गणिताचा. बारा महिने, प्रत्येकी तीस दिवस, आणि चंद्रही बरोबर तीस दिवसांत फिरून येणारा. हिशेब चोख बसतो आणि ते जग तिथेच निर्जीव होतं. खऱ्या आकाशात काहीच इतकं नेमकं बसत नाही. एका पौर्णिमेपासून दुसरीपर्यंत साधारण साडेएकोणतीस दिवस जातात. अशा बारा फेऱ्यांचे दिवस भरतात 354, आणि सूर्याचं वर्ष त्याहून अकरा दिवस जास्त चालतं. या अकरा दिवसांचं काय करायचं, इथेच प्रत्येक समाजाचा स्वभाव दिसतो. आपण अधिक महिना घालतो. हिजरी कालगणना ते दिवस तसेच सोडून देते, म्हणून रमजान सगळ्या ऋतूंतून फिरत राहतो. माझ्या कादंबरीतले दर्यावर्दी काय करतील? त्यांचं उत्तर समुद्रातूनच निघालं पाहिजे, हा माझा हट्ट होता.

टोल्किन यांनी ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या परिशिष्टात हॉबिटांच्या शायर या प्रदेशाचं पंचांग दिलं आहे. सगळे महिने तीस दिवसांचे, आणि उरलेले दिवस कुठल्याच महिन्यात न घालता सणांसाठी राखलेले. फार देखणी रचना आहे ती, पण शेतावर आणि घरट्यात रमणाऱ्या लोकांची. समुद्रावरच्या वर्षाची चाहूल मला उर्सुला ली ग्विन यांच्या ‘द फार्देस्ट शोअर’मध्ये लागली. तिथे तराफ्यांवर जन्म काढणारी माणसं आहेत. वर्षातल्या सर्वांत छोट्या रात्रीचं नृत्य ती तराफ्यांवरच करतात, पायाखाली जमीन नसताना. जमिनीवाचून सण होऊ शकतो, तर जमिनीवाचून महिनाही होऊ शकेल, असं तेव्हापासून डोक्यात होतं.

धागा मिळाला तो मात्र आपल्याच किनाऱ्यावर. कोकणात भरतीची वेळ काढायचा जुना ठोकताळा आहे: तिथीची पाऊणपट करा. द्वितीयेला दीड वाजता, चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता भरती. घड्याळाशी थोडं मागेपुढे होतं, पण काम भागतं. यात एक गोष्ट लक्षात घेण्यासारखी आहे. हा ठोकताळा पक्ष विचारत नाही. अष्टमी शुद्ध असो वा वद्य, उत्तर सहाच. कारण समुद्राला अमावास्या आणि पौर्णिमा यांत फरक नाही. सूर्य, चंद्र आणि पृथ्वी एका रेषेत आले की पाण्याला उधाण येतं, चंद्र भरलेला असो वा दिसेनासा झालेला. मधल्या अष्टम्यांना पाणी मरगळतं, तो भांग. डोल जाळं लावणाऱ्याला उधाणाचा जोर हवा असतो. भांगाच्या दिवसांत पाण्याला ओढ नसते आणि जाळंही नीट भरत नाही.

म्हणून माझ्या लोकांना मी महिना दिलाच नाही. त्यांचं माप उधाण, जेमतेम पंधरा दिवसांचं. ‘माझी मुलगी सहा उधाणांची झाली’ असं तिथली बाई म्हणते आणि वाचकाला हिशेब मांडून दाखवावा लागत नाही. उधाणांची नावंही मी कामांवरून ठेवली: डांबराचं उधाण, शिडांचं उधाण, परत्यांचं उधाण, उपाशी उधाण. काव्यमय नावं सुचत होती, ती मी ठरवून टाळली. पंचांग वापरणाऱ्या माणसाचे हात कामात असतात.

मग गणित मांडलं. सौर वर्षात उधाणं बसतात पावणेपंचवीसच्या आसपास. म्हणजे बहुतेक वर्षं पंचविसांची आणि मधूनच एखादं चोविसांचं. एकोणीस वर्षांत चंद्राच्या 235 फेऱ्या होतात, हे बाबिलोनच्या ज्योतिष्यांना माहीत होतं. त्याच्या दुप्पट, 470 उधाणं. त्यात चौदा वर्षं पुऱ्या पंचविसांची येतात आणि पाच चोविसांची. आपल्याकडे वर्ष अधिक महिन्याने लांबतं; त्यांच्याकडे ते अधूनमधून आखडतं. अशा वर्षाला ते ‘तोकडं’ म्हणतात. पंचविसाव्या उधाणात जन्मलेल्या मुलाचा जन्मदिवस तोकड्या वर्षात येतच नाही. अशी मुलं एकमेकांना भावंडं मानतात. हे मी आधी योजलं नव्हतं. आकडे कागदावर उतरल्यावर ती मुलं समोर आली. जुळवून आणलेल्या तीनशे साठ दिवसांच्या वर्षातून ती कधीच आली नसती.

पण उधाण किनाऱ्यावर दिसतं. खोल समुद्रात ना खडक उघडे पडतात, ना खाडी भरते. शिवाय वारा चंद्राचं ऐकत नाही. पंधराव्या शतकातला अरब नाविक अहमद इब्न माजिद याच्या ग्रंथात प्रवासाला निघायचे दिवस हिजरी महिन्यांनी सांगितलेले नाहीत. नैरोझ या नववर्षदिनापासून कितवा दिवस, अशी मोजणी आहे, 365 दिवसांच्या सौर वर्षाची. दरवर्षी अकरा दिवस मागे सरकणाऱ्या महिन्यांवर मोसमी वाऱ्याचा भरवसा ठेवता येत नाही. धर्माचं पंचांग एक आणि सुकाणाचं दुसरं, दोन्ही एकाच माणसाच्या डोक्यात.

माझ्या तांडेलांनाही मी ही दुसरी मोजणी दिली. पहाटे पूर्वेला कृत्तिका पहिल्यांदा दिसल्या की दोरीला पहिली गाठ, मग दररोज एक. आओतेआरोआच्या, म्हणजे न्यूझीलंडच्या, माओरींचं नवं वर्षही याच तारकांच्या पहाटेच्या दर्शनाशी बांधलेलं आहे. ते त्यांना मातारिकी म्हणतात. किनाऱ्यावरचं वर्ष कृत्तिकांच्या दर्शनानंतरच्या पहिल्या उधाणाला सुरू होतं. त्यामुळे दोरी आणि पाणी यांचा मेळ दरवर्षी नव्याने घालावा लागतो. दूरवर गेलेल्या तारवाची दोरी चुकूही शकते. मॅगेलनच्या मोहिमेतलं ‘व्हिक्टोरिया’ हे गलबत 1522 मध्ये केप व्हर्दे बेटांवर पोचलं तेव्हा जहाजावर बुधवार होता आणि बेटावर गुरुवार. मोहिमेचा वृत्तांत लिहिणाऱ्या पिगाफेट्टाने रोजची नोंद न चुकता ठेवली होती. पृथ्वीला पश्चिमेकडून वळसा घालताना एक दिवस निसटला होता, कुणाचीही चूक नसताना.

आणि ऐन वेळी कृत्तिकांवर ढग आले तर? एका बेटावर त्या दिसल्या, दुसऱ्यावर उधाण उलटून गेल्यावर दिसल्या. पहिल्या बेटाचं सरलेलं वर्ष तोकडं ठरलं, दुसऱ्याचं पुरं. सध्या मी या प्रकरणावर काम करतो आहे. दोन बेटांमध्ये लाकडाची उधारी आहे आणि वायदा आहे पंचविसाव्या उधाणाचा. देणेकरी म्हणतात, असं उधाण या वर्षी आलंच नाही. घेणेकरी आपल्या किनाऱ्यावरच्या पाण्याच्या खुणेकडे बोट दाखवतात. निवाड्याला बसलेली म्हातारी स्वतः पंचविसाव्या उधाणात जन्मलेली आहे, आणि हे दोन्ही पक्षांना ठाऊक आहे.